ड्रुमकोराचं घर आणि चौदावी वही

मी, डिम्प्ना मेरी लाव्हेल, वय वर्षे सत्त्याहत्तर, पेशाने नटी, राहणार ड्रुमकोरा, बॅलिनाच्या अलीकडे, मेयो परगणा, हे माझ्या हाताने लिहिते आहे. बुद्धी शाबूत आहे. हात कापतो तो गोळ्यांमुळे, भीतीमुळे नाही. मला कुणी भरीस पाडलेलं नाही की धमकावलेलं नाही, आणि फूस लावून काढून घ्यावं असं माझ्याजवळ फारसं काही नाही. डॉक्टरांनी ईस्टरपर्यंतचा वायदा केला आहे, तोही चाचरत. जन्मभर दुसऱ्यांनी लिहिलेली वाक्यं बोलले. ही माझी आहेत, तेव्हा ती कुणी सुधारू नयेत.

माझी वकील एमर रुआन म्हणाली, "डिम्प्ना, मृत्युपत्र एका पानाचं असलं की सगळ्यांचीच सोय होते."

मी म्हटलं, "एमर, मला जन्मभर एका पानाच्याच भूमिका मिळाल्या. हे एवढं तरी लांब असू दे."

कलम पहिलं. १९९३ साली डब्लिनमध्ये केलेलं माझं मृत्युपत्र या लेखाने रद्द होत आहे. त्यात मी सगळं रेमंड टुईच्या नावे केलं होतं. रेमंड माझी कामं जमवून द्यायचा आणि माझ्या बाजूने भांडायचा. सव्वीस वर्षं त्याचा फोन एकाच वाक्याने सुरू व्हायचा : "बाईसाहेब, परत आई आहे." मी विचारायची, "कुणाची?" तो म्हणायचा, "तुझ्याहून चार वर्षांनी लहान असलेल्या माणसाची." रेमंड माझ्याआधी गेला. त्याच्या अंत्यविधीला मी रडू शकले नाही, कारण पुढच्या रांगेतल्या त्याच्या भावाने टोपी ज्या तऱ्हेने धरली होती तिच्यावरून माझी नजर हटेना. माझ्याविषयी जे काही समजायचं ते या एका गोष्टीत समजावं. पुढचं सगळं तपशील आहे.

कलम दुसरं. या मृत्युपत्राची अंमलबजावणी एमर रुआन हिने करावी. तिने माझ्यासाठी ताटकळून आजवर एकदाही घड्याळाकडे पाहिलेलं नाही.

कलम तिसरं, देहाविषयी. मला एक दिवस घरात ठेवावं, बैठकीच्या खोलीत, शवपेटी उघडी. लोक येतील, बसतील, माझ्याविषयी खोटं चांगलं बोलतील, बोलू द्यावं. चहा कमी पडू देऊ नये. मिस्सेच्या, म्हणजे चर्चमधल्या उपासनेच्या, वेळी मेलेल्या माणसाच्या आयुष्याची खूण म्हणून काही वस्तू वेदीपाशी नेतात, त्यांत माझा चष्मा न्यावा आणि एक पेन्सिल. पुरस्कार नेऊ नये. मालिकेची धून कुणी वाजवू नये. एकोणीस वर्षं मी ‘चौकातलं दुकान’मधली मिसेस क्विर्क होते, आणि अजूनही बॅलिनाच्या बाजारात बायका मला अडवून सांगतात, "मिसेस क्विर्क, त्या सुनेशी जरा बऱ्या वागा हो, पोरगी चांगली आहे." मी त्यांना वचन देऊन येते. दगडावर मात्र नाव लाव्हेल असावं.

कलम चौथं. माझी गाडी, सात कोंबड्या, हिरवा लोकरी कोट आणि रेडिओ शेजारच्या जोसी कॉफी हिला. आजारपणात ती रोज दोनदा आली. सकाळी माझ्यासाठी, दुपारी बातम्यांसाठी. कोट तिला आत्ताच हवा होता.

"थंडी आत्ता आहे गं डिम्प्ना," ती म्हणाली, "तू मेल्यावर उन्हाळा असेल."

मी म्हटलं, "मग उन्हाळ्यात घाल आणि माझी आठवण काढून घाम गाळ."

कलम पाचवं. हे कायद्यात बसत नाही असं एमर म्हणते. तरी लिहिते.

आमच्या धंद्यात ज्यांना देखणा चेहरा मिळतो त्या नायिका होतात. उरलेल्यांनी माणसं जमवायची. मी चर्चच्या हॉलमधल्या नाटकांतून सुरुवात केली. गावोगावच्या हौशी मंडळींची स्पर्धा, समोर परीक्षक घोंगडी पांघरून बसलेला. तेव्हाच मला कळलं की माझ्याकडे दिसायला काही नाही, पण बघायला डोळे आहेत. मी वह्या केल्या. शाळेच्या, निळ्या पुठ्ठ्याच्या. बसमध्ये, दुकानात, चर्चमध्ये, मयताला, जिथे जे दिसेल ते घरी येऊन टिपायचं. कोण पैशाचं पाकीट कसं मिटतं. कोण "नाही" म्हणायच्या आधी कुठे बघतं. अशा एकेचाळीस वह्या झाल्या. पडद्यावर मी सव्वीस जणांची आई झाले, नऊ वेळा नन, अकरा वेळा विधवा, आणि त्यांतल्या एकीचाही हात माझा नव्हता.

तर, ज्याचं त्याला. मिसेस क्विर्कचं नाक ओढणं हे ड्रुमकोराच्या पोस्टातल्या नोरा हॅनीचं. तिचं चालणं जोसीच्या आईचं, जोसीला हे ठाऊक आहे आणि ती म्हणते, "आमच्या आईला टीव्हीवर न्यायला तिकीट लागलं नाही, बरंच झालं." मदर सुपीरियरची मान रेमंडच्या मावशीची. यांतले बहुतेक आता थडग्यांत आहेत. त्यांना रागवायचं असेल तर मी लवकरच समोर येते आहे.

एक गोष्ट या यादीत नाही. ती आठव्या कलमात आहे.

कलम सहावं. ड्रुमकोराचं घर, मागची पाऊण एकर जमीन, विहीर आणि दोन्ही गोठे मी माझी थोरली बहीण ऊना मुल्रॉय, वय वर्षे ब्याऐंशी, हिला देते.

हे घर आमच्या आईवडिलांचं. आई चार वर्षं अंथरुणाला खिळून होती. ऊना सकाळी तिचं सगळं करायची, मग शाळा झाडायला जायची, मग परत यायची. मी डब्लिनहून मनिऑर्डर पाठवायची आणि रविवारी टीव्हीवर दिसायची. आईने घर माझ्या नावावर केलं. शेजाऱ्यांना ती सांगायची, "आमची डिम्प्ना बघा, किती थकलेली दिसते." मी थकलेल्या बाईचं काम करत होते. खरी थकलेली तिच्या उशाशी उभी होती.

आई १९९१ साली गेली. तेव्हाही ऊना माझ्याशी बोलत नव्हती. आमचं बोलणं बंद झालं ते १९८५च्या नोव्हेंबरात.

२००९ साली मी डब्लिन सोडून इथे परत आले. ऊनाचं घर दोन मैलांवर आहे. दर रविवारी मिस्सेला मी बरोबर तिच्या मागच्या बाकावर बसले. प्रार्थनेत एक क्षण येतो, आजूबाजूच्यांचा हात हातात घेऊन ‘शांती असो’ म्हणायचं. ऊना डावीकडच्याला हात द्यायची, उजवीकडच्याला द्यायची, पुढच्याला द्यायची. मागे वळायची नाही. अकरा वर्षं मी तिचा अंबाडा पाहिला. पुढे साथ आली आणि फादरनी हात मिळवणंच बंद केलं. मला वाटलं, चला, तिची दर आठवड्याची एक कटकट तरी वाचली.

घर तिला जावं हे दान नाही. ते तिचंच होतं.

कलम सातवं. पुरस्कार, पितळी, दीड किलो, टॉवेलमध्ये गुंडाळून गरम पाण्याच्या टाकीमागे ठेवलेला. तो एमरने ज्यांनी दिला त्यांना परत पाठवावा. बरोबर चिठ्ठी नको. ज्या चित्रपटासाठी तो मिळाला त्याचं नाव मी इथे लिहीत नाही.

कलम आठवं. माझ्या एकेचाळीस वह्यांपैकी चाळीस डब्लिनच्या संग्रहालयाला, ज्यांनी गेली तीन वर्षं आर्जवाने मागितल्या आहेत. चौदावी वही त्यांना देऊ नये. ती ऊनाची. तिने वाचावी, जाळावी, विहिरीत टाकावी.

चौदाव्या वहीत काय आहे ते इथे लिहिणं भाग आहे, कारण ऊनाशी मी खोटं बोलले आणि ते खोटं माझ्याबरोबर पुरलं जाऊ नये.

ऊनाला एकच मूल झालं. एथ्ना. १९७४च्या फेब्रुवारीत ती सहा वर्षांची होती. सेंट ब्रिजिडच्या सणाला मी घरी आले होते. सोमवारी एथ्नाचं डोकं दुखायला लागलं, मंगळवारी पहाटे ती मेंदूज्वराने गेली. तिचा बाप फेलिम कॉव्हेंट्रीला बांधकामावर होता, तो दुसऱ्या दिवशी पोचायचा होता. शेजारच्या बायका आल्या, पण ऊनाने त्यांना स्वयंपाकघराबाहेर थांबवलं. आत फक्त मला घेतलं. कोमट पाण्याचं घमेलं धरायला.

दुपारचे बारा वाजले होते. ऊनाने तिला टेबलावर अंघोळ घातली, केस विंचरले, कपडे घातले. मग तिने पायमोजे घेतले. राखाडी, लोकरीचे, टाचेला रफू केलेले. लोखंडी चुलीच्या पुढच्या दांडीवर ते टाकले आणि उभी राहिली. शाळेच्या दिवसांत रोज सकाळी ती असंच करायची. पोरीचे पाय गार पडायचे. तापले असतील असं वाटलं तेव्हा तिने एक मोजा उचलला आणि ऊब बघायला स्वतःच्या गालाला लावला. पुरेसा तापला नव्हता. तिने तो परत दांडीवर टाकला आणि आणखी थोडा वेळ थांबली.

हे पाहणारी मी एकटी.

ऊना रडली नाही. मीही रडले नाही. बाहेर बायका म्हणाल्या, "धाकटी खंबीर आहे, बरं झालं ती इथे होती."

अकरा वर्षांनी मला त्या चित्रपटात मुलगी गमावलेल्या आईचं काम मिळालं. पटकथेत लिहिलं होतं : आई मुलीला सजवते. बस, इतकंच.

तो चित्रपट १९८५च्या नोव्हेंबरात इथे चर्चच्या हॉलमध्ये दाखवला. फादरनी भाषण केलं. नटीची सख्खी बहीण म्हणून ऊनाला पहिल्या रांगेत बसवलं. सगळा गाव हुंदके देत होता. संपल्यावर ती बाहेर भिंतीशी उभी होती. मी गेले.

"ते कुठून आणलंस?" तिने विचारलं.

मी म्हटलं, "मला कळलंच नाही, ऊना. हात आपोआप गेले."

ती म्हणाली, "मला वाटलं होतं, तू माझ्यासाठी रडू आवरते आहेस. तू बघत होतीस."

त्यानंतर ती माझ्याशी बोलली नाही.

हात आपोआप गेले नव्हते. मंगळवारी, म्हणजे ज्या दिवशी एथ्ना गेली त्याच दिवशी, तिला मातीही दिली नव्हती तेव्हा, मी माडीवर जाऊन ते चौदाव्या वहीत लिहिलं. सव्वा पान. अक्षर स्वच्छ आहे. चित्रीकरणाच्या आदल्या दिवशी मी दिग्दर्शकाला म्हटलं, माझ्याकडे एक गोष्ट आहे. सामान आणणाऱ्या मुलीने पांढरे मोजे आणले होते, मी परत पाठवले. राखाडी हवेत, टाचेला रफू हवा. तीनदा चित्रण झालं. पहिल्या दोन वेळा मी मोजा गालाला लावला नाही. तो मी राखून ठेवला होता. तिसऱ्या वेळी, सगळे जरा थकले आणि सैलावले तेव्हा, लावला. कॅमेऱ्यामागचा माणूस रडला. मला आनंद झाला. तो आनंद मला अजून आठवतो, आणि त्याहून वाईट मी आयुष्यात काही केलेलं नाही.

कलम नववं. माझ्या मयताला ऊना आली तर तिला वाट करून द्यावी आणि तिच्याशी हवापाण्याचंच बोलावं. आली नाही तर जोसीने तोंड उघडू नये. हे मी जोसीला समक्षही सांगितलं आहे.

ती म्हणाली, "मी कधी काही बोलते का?"

इथपर्यंतचं मी नाताळाआधी लिहिलं होतं. घराविषयी तेवढं एमरने ऊनाला रीतसर पत्राने कळवलं होतं, कारण घ्यायचंच नसेल तर आधी कळलेलं बरं. उत्तर आलं नाही.

कलम दहावं. दिनांक ६ जानेवारी २०२४, शनिवार.

आज बायकांचा नाताळ. आजच्या दिवशी इथे बायका चुलीपाशी जात नाहीत, एकमेकींकडे जातात. जोसी केक घेऊन आली होती. आम्ही दुसरा तुकडा कापत होतो तेव्हा दार वाजलं आणि ऊना आत आली. काठी टेकत. चालत आली होती, दोन मैल.

जोसी गप्प झाली. हे मी प्रथमच पाहिलं. मग म्हणाली, "मी जाते, माझ्या कोंबड्या..."

मी म्हटलं, "कोंबड्या अजून माझ्या आहेत."

"तेच गं, त्यांनाच बघते," म्हणाली आणि कोट न घेता पळाली.

"चहा टाकू?" मी ऊनाला विचारलं.

"मी चहाला आले नाही." ती टेबलाशी बसली. आईची खुर्ची. "वकिलीणबाईंचं पत्र आलं. काय लिहिलंयस ते दाखव. सगळं."

मी ही पानं तिच्यापुढे ठेवली. ती हळू वाचते, ओठ हलवत. मधे एकदा हसली. रेमंडच्या फोनपाशी असावी. आठव्या कलमाला तिचे ओठ थांबले.

"तिसऱ्या वेळी," ती म्हणाली.

"हो."

"पहिल्या दोन वेळा नाही लावलास."

"नाही."

"राखून ठेवलास."

"हो, ऊना."

तिने पान उलटून टेबलावर पालथं ठेवलं, हाताने सपाट केलं. मला वाटलं, आता उठेल आणि जाईल. माझी तयारी होती. ती म्हणाली, "वही आण."

आणली. तिने उघडली, डोळ्यांजवळ नेली, लांब धरली, माझ्याकडे सरकवली. "पेन्सिल पुसट झालीय. तू वाच."

मी सुरुवात केली. दुसऱ्याच ओळीला तिने काठी जमिनीवर आपटली.

"नाटक करू नकोस. नुसतं वाच."

मी नाटक करत नव्हते, निदान मला तसं वाटत नव्हतं. पुन्हा सुरुवात केली. पन्नास वर्षं धंदा केल्यावर नुसतं वाचणं किती कठीण आहे ते मला आज कळलं. श्वास कुठे घ्यायचा तेही आधी ठरलेलं असतं. मी एकेक शब्द नुसता खाली ठेवत गेले. घमेलं. केस. भांग डावीकडे. ‘डाव्या गुडघ्यावर खपली, एका कडेने सुटलेली. ऊ.ने तिच्यावरून बोट फिरवलं, काढली नाही.’

"थांब," ऊना म्हणाली. "काय?"

मी परत वाचलं.

"खपली," ती म्हणाली. "रविवारी. कोंबड्यांमागे धावताना पडली. मी रागावले तिला, नवा मोजा फाडला म्हणून." ती चुलीकडे बघत होती. "मला आठवत नव्हती ती, डिम्प्ना. रोज रात्री निजताना मी तिला डोक्यापासून पायापर्यंत आठवते, रोज, एक दिवस चुकले नाही. आणि गुडघा गुळगुळीत असायचा."

एथ्नाचा एकच फोटो आहे. शाळेचा, सगळ्या वर्गाचा. त्यात तिने नेमकी मान वळवली आहे.

ऊनाने विचारलं, "अजून कुठे आहे ती?"

मी आठवी ते चौदावी अशा सात वह्या काढल्या. मला वाटलं होतं दोन-तीन ठिकाणी सापडेल. अकरा ठिकाणी सापडली. मी वाचत गेले. ‘रागावली की स्वतःच्या सावलीवर पाय देते.’ ‘उद्या कधी, विचारलं तर : झोपून उठलं की.’ ‘उकडलेलं अंडं फोडण्याआधी चमच्याने तीनदा टकटक करते आणि विचारते, आत कोण आहे?’ या ओळीला माझा आवाज आपोआप वर चढला, एथ्नाचा झाला. या वेळी खरंच आपोआप. ऊनाने हात वर केला. मी जीभ चावली आणि ती ओळ पुन्हा, माझ्या म्हाताऱ्या आवाजात, नुसती वाचली.

"कोंबडा," ऊना म्हणाली. "मी म्हणायची, कोंबडा आहे आत, उघडू नको. हे नाही लिहिलंस."

"नाही."

"लिही."

तिने सांगितलं तसं मी लिहिलं. आम्ही उजेड जाईपर्यंत बसलो होतो. मी तिला हात लावला नाही. तिनेही मला लावला नाही. वाचून झाल्यावर मी विचारलं, पानं फाडून देऊ का. ती म्हणाली, "फाडू नकोस. वह्या दे." सातही तिने बाजाराच्या पिशवीत घातल्या. तेव्हा आठव्या कलमात दुरुस्ती : संग्रहालयाला चौतीस वह्या जातील. सात मी आज हयातीत, माझ्या हाताने दिल्या.

मग ती घराच्या विषयावर आली. "घर मला नको."

"ते तुझंच आहे."

"त्या खोलीत मी आईला चार वर्षं उचलून बसवलं. ते बक्षिसासाठी नव्हतं. आणि तुझ्याकडून तर नकोच."

"मग कुणाला देऊ?"

"नाटकवाल्या पोरींना दे. हॉलमध्ये थंडीने काकडतात. इथे चूल तरी आहे." ती उठली, पिशवी उचलली, मला घेऊ दिली नाही. दाराशी थांबून म्हणाली, "सहीला साक्षीदार कोण?"

"मंगळवारी टिमी बॅरेट येतो. आणि एमरच्या ऑफिसातली कुणी तरी."

"दुसरी मी."

मला वाटलं तिला ठाऊक नसेल. म्हटलं, "ऊना, साक्षीदाराला मृत्युपत्रातलं काही घेता येत नाही. तू सही केलीस की तुझ्यापुरतं सहावं कलम बाद."

"मी शाळा झाडायची, पण डोकं काही तिथे विसरून यायची नाही. मला कळतं ते." काठीने तिने दार ढकललं. "मंगळवारी किती वाजता?"

"अकराला."

"आणि मी तुला माफ केलं, असलं काही त्यात लिहू नकोस."

"नाही लिहीत."

"केलं नाही, असं लिही."

म्हणून, तिच्या सांगण्यावरून, मी अशी नोंद करते की ऊना मुल्रॉय हिने मला माफ केलेलं नाही.

जोसीने तिला माझ्या गाडीतून घरी सोडलं. परत आल्यावर सांगत होती, ऊना सबंध रस्ता पिशवी मांडीवर घेऊन बसली होती आणि एकदा म्हणाली, "सावकाश चालव."

कलम अकरावं आणि शेवटचं. एमरने फोनवर सांगितलं की ऊना साक्षीदार होणार असेल तर सहावं कलम खोडून नवं लिहावं, नाहीतर ते निष्फळ ठरेल. मी ते खोडणार नाही. ड्रुमकोराचं घर मी ऊनाला देते. ते तिला मिळणार नाही हे मला पूर्ण माहीत आहे, आणि हे माहीत असताना मी ते तिला देते आहे. कायद्याने ते तिथून गळून पडेल तेव्हा, आणि केवळ तेव्हा, ते ड्रुमकोराच्या नाट्यमंडळाला जावं. तालमीसाठी बैठकीची खोली वापरावी. स्वयंपाकघरात कुणी तालीम करू नये.

याखेरीज जे काही उरेल ते विकून दगडाचा आणि चहाचा खर्च भागवावा.

साक्षीदारांचं पान एमरने टंकून आणायचं ठरलं आहे. वरची सर्व पानं माझ्या हातची असून प्रत्येकावर मी खाली नावाची आद्याक्षरं घातली आहेत. हे मी माझ्या मर्जीने, समजून उमजून लिहिलं.

डिम्प्ना मेरी लाव्हेल

ठिकाण : ड्रुमकोरा, मेयो परगणा
दिनांक : ९ जानेवारी २०२४, मंगळवार, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटं

वर सही करणाऱ्या बाईंनी ही सही आम्हा दोघांच्या डोळ्यांदेखत केली. आम्ही दोघं त्या वेळी एकाच खोलीत हजर होतो, आणि त्यांच्यासमोर आम्ही आपापल्या सह्या करत आहोत.

साक्षीदार पहिला : टिमथी बॅरेट
राहणार : पुलापलीकडे, ड्रुमकोरा
व्यवसाय : निवृत्त पोस्टमन

साक्षीदार दुसरी : ऊना मुल्रॉय
राहणार : वरची वाट, ड्रुमकोरा
व्यवसाय : ‘निवृत्त शाळा-कर्मचारी’ हे टंकलेले शब्द साक्षीदाराने स्वहस्ते खोडले आहेत. त्याजागी : आई